अपीलकर्ता गैरहजर

मंगळवार, ११ मार्च

बारक्या,

तुझं अपील आज खारीज झालं. तू आला नाहीस म्हणून.

फोन तू उचलत नाहीस, तेव्हा पत्र लिहिते आहे. पत्र निदान दाराखालच्या फटीतून आत तरी पडतं. उघडायचं की नाही ते तुझं तू बघ.

सकाळी शिपायाने व्हरांड्यात येऊन तुझं नाव असं काही ठणकावून पुकारलं की खाली रस्त्यावर ऐकू गेलं असेल. तू नव्हतास. तुझ्या वकीलबाईही नव्हत्या. माझे वकील ताडकन उठले आणि म्हणाले, "साहेब, अपीलकर्ता गैरहजर आहे." इतक्या वर्षांत त्यांच्या आवाजात एवढा उत्साह मी पहिल्यांदाच ऐकला. न्यायाधीशांनी माझ्याकडे पाहिलं, मग घड्याळाकडे पाहिलं. म्हणाले, "जेवणाच्या सुट्टीनंतर बघू. माणूस लांबून येतो." त्यांनाही ठाऊक आहे तू लांबून येतोस ते.

सुट्टीत आपल्या बाकावर बसले. बंद लिफ्टशेजारच्या. 'दुरुस्तीसाठी बंद' ही पाटी आता इतकी जुनी झाली आहे की आधी तिलाच दुरुस्ती लागेल. एका वकिलाचा कारकून जाता जाता म्हणाला, "आज भाऊ दिसत नाहीत?" मी म्हटलं, येईल, बस चुकली असेल. डबा उघडला नाही. भूक नव्हती.

सुट्टीनंतर पुन्हा पुकारा झाला. पुन्हा कुणी नाही. मग न्यायाधीश म्हणाले, "अपील चूक की बरोबर यात मी शिरत नाही. ज्याने अपील केलं तोच नाही, तर ऐकायचं कुणाचं? काढून टाका." झालं. खालच्या कोर्टाने बाबांच्या मृत्युपत्रावरून फ्रेमांचं दुकान मला दिलं तेव्हा भर व्हरांड्यात ओरडला होतास, 'बाबा असं लिहूच शकत नाहीत, मी वर जाईन!' गेलास वर. आणि ऐन वेळी फिरकलाच नाहीस. याला काय म्हणायचं?

माझे वकील खाली येईपर्यंत अभिनंदन करत होते. "बाई, दुकान आता कायमचं तुमचं." मी म्हटलं, कुलूप रोज मीच उघडते, माझंच होतं ते. त्यांचा चेहरा जरा पडला.

तू बरा आहेस ना, एवढं कळव. बाकी अपिलाचं मला काय पडलंय? मी जिंकले.

तुझी ताई
(उत्तरवादी)


गुरुवार, २० मार्च

बारक्या,

उत्तर नाही. ठीक आहे.

मी काल तुझ्या वकीलबाईंकडे गेले होते. माझ्या वकिलांना कळलं तर ते माझं कामच सोडून देतील. विरुद्ध पक्षाच्या वकिलाच्या दारात कुणी जातं का? पण मला राहवेना. बाईंनी आधी मला आत घेतलंच नाही. मग मी म्हटलं, माझा भाऊ मेला की जिवंत आहे एवढंच सांगा. तेव्हा त्यांनी खुर्ची दिली. म्हणाल्या, "जिवंत आहेत, तब्येत उत्तम आहे." मग मी विचारलं, तो आला नाही ते नाही, तुम्ही का नव्हता? तुमचं ऑफिस तर कोर्टासमोरच आहे. त्यावर त्यांनी चष्मा पुसला आणि "अशील सांगेल तेवढंच आम्ही करतो" म्हणाल्या. मी खूप खोदलं. बाई बधल्या नाहीत. वकील चांगला निवडलास.

एक मात्र त्यांनी सांगितलं, आणि ते तुला ठाऊक असलं तरी लिहिते. गैरहजेरीत गेलेलं अपील परत उभं करता येतं. महिन्याच्या आत अर्ज करायचा, आणि का येता आलं नाही त्याचं पटेल असं कारण द्यायचं. मी लेखी देईन की माझी हरकत नाही. माझे वकील कपाळावर हात मारतील. मारू देत.

हसू नकोस. माझं डोकं ठिकाणावर आहे. तू शपथ घेतली होतीस, आठवतं? बाबांनी तुला तोडलं की नाही हे कोर्ट सांगेल, तोवर दुकानात पाऊल ठेवणार नाहीस. अर्धं दुकान देते म्हटलं तर म्हणालास, वाटा नको, निकाल हवा. आता निकाल कुठे आहे? न्यायाधीश स्पष्ट म्हणाले की चूक की बरोबर यात ते शिरलेच नाहीत. म्हणजे कुणीच काही सांगितलं नाही, आणि यापुढे कुणी सांगणारही नाही. मग तुझी शपथ सुटणार कधी? तू हट्टी आहेस हे मला माहीत आहे. म्हातारा होशील, पण रस्त्याच्या पलीकडूनच दुकान बघून जाशील.

आणि तारखाही संपल्या. पहिल्या वर्षी तू बाकाच्या त्या टोकाला पेपर उघडून बसायचास, पान न उलटता. मी या टोकाला. मधे तीन माणसं मावतील एवढी जागा, आणि गंमत म्हणजे तिथे कुणी बसायचंही नाही. मग एकदा मी उकडलेली अंडी आणि पाव मधे ठेवले आणि म्हटलं, जास्त झालेत. तू म्हणालास, मीठ आहे का? तिथून आपण बोलायला लागलो. दुकानाचं नाही, बाबांचं नाही, बाकी सगळं. कोर्टात यावंच लागतं, म्हणून तिथे भेटण्यात कुणाला कमीपणा नव्हता. तुझ्या मुलीला चष्मा लागला ते मला त्या बाकावर कळलं. माझी मदतनीस लग्न करून गेली ते तुला तिथेच कळलं. आता मी तुला कुठे भेटू, सांग.

कारण काहीही असू दे. अर्ज कर.

ताई


शुक्रवार, २८ मार्च

गाढवा,

तुझ्या बायकोचा फोन आला होता. तू आंघोळीला गेलास तेवढ्यात तिने केला. तिच्यावर चिडू नकोस. ती म्हणाली, "ताई, मला दोघांचंही बघवत नाही," आणि सगळं सांगून टाकलं.

मागच्या तारखेला मी दुसऱ्या मजल्याच्या वळणावर पायरीवर बसले होते, चपला बाजूला काढून. कुणी पाहिलं नाही असं मी समजत होते. तू वरून कठड्यावर वाकून पाहत होतास. मग मी वर आल्यावर "आज उशीर केलास" एवढंच म्हणालास आणि पेपर उघडलास. मला वाटलं, काय हा कोरडा माणूस.

आणि त्यानंतर तू कोर्टाच्या ऑफिसात अर्ज दिलास! मी लिफ्ट दुरुस्त करणारा मेकॅनिक आहे, ही लिफ्ट एका दिवसाचं काम आहे, फुकट करून देतो, सुटे भागही माझेच. आणि ते म्हणाले, असं बाहेरच्या माणसाला हात लावू देता येत नाही, टेंडर निघेल तेव्हा भरा. तुझ्या बायकोला हे सांगताना हसूही येत होतं आणि रडूही. मला नुसतं हसू आलं. फोन ठेवल्यावर दुसरं आलं.

मग तुझ्या सुपीक डोक्यातून हे निघालं. अपील मागे घेतलं तर लोक म्हणणार, बाबांनी तोडलं हे त्याने कबूल केलं. ते तुला नको. पण नुसतं गेलंच नाही तर अपील आपोआप पडेल, ताई जिंकेल, आणि तिला परत तो जिना चढायला लागणार नाही. वकीलबाईंनाही सांगितलंस की जाऊ नका. शाबास.

आता माझं ऐक. पाय माझे, गुडघे माझे. जिना चढायचा की नाही हे मी ठरवीन. आणि तुला एक ठाऊक नाही ते सांगते. मला त्या जिन्यावर चढायची काही गरज नव्हती. पहिल्याच तारखेला माझे वकील म्हणाले होते, "बाई, तुम्ही यायचं कारण नाही, मी आहे ना." तरी प्रत्येक तारखेला मी दुकान बंद करून गेले. फ्रेमा खोळंबल्या, गिऱ्हाइकांची बोलणी खाल्ली. लग्नाच्या फोटोची फ्रेम वेळेवर दिली नाही म्हणून एक बाई माझ्याशी अजून बोलत नाही. वर तू होतास म्हणून मी चढत होते. तुझ्याशिवाय त्या तिसऱ्या मजल्यावर माझं काय होतं?

आणि वकीलबाई असताना तुझीही तिथे गरज नव्हती. हे मला त्यांनीच सांगितलं. तरी दोन बसा बदलून यायचास. म्हणजे आपण दोघेही कारण नसताना येत होतो, आणि दोघेही समोरच्याला यावंच लागतं असं समजत होतो.

तू माझ्या गुडघ्यांसाठी तुझा निकाल सोडलास. त्याच एका गोष्टीसाठी तू इतकी वर्षं भांडलास ना? माझा तुझ्यावर फार राग आहे आणि फार जीव आहे. दोन्ही आहे. बायकोला हे वाचून दाखव म्हणजे तिला बरं वाटेल.

आता महिना संपायच्या आत अर्ज कर. कारण लिही, ताप होता. ताप काय कुणालाही येतो.

ताई


मंगळवार, १ जुलै

बारक्या,

काल तुझ्या अर्जाची सुनावणी संपल्याबरोबर तू पलीकडच्या जिन्याने उतरून गेलास. मी हाक मारली होती. तुला ऐकू आली नसेल असं मी धरून चालते.

तू काय बोललास ते तुला माहीत आहे. पण तू समोर तोंड करून उभा होतास, तेव्हा मागे काय चाललं होतं ते सांगते. न्यायाधीशांनी "ताप किती दिवस होता?" असं विचारलं तेव्हा तुझ्या वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले. तुझी मान पाठीमागून लाल झालेली मला दिसली. लहानपणापासून तुझं हे असंच. खोटं बोलायची वेळ आली की आधी मान लाल होते, आणि मग तू खरं बोलून बसतोस. बाबा म्हणायचे, याला चोरही ठेवून घेणार नाहीत.

"ताप नव्हता, साहेब. मी मुद्दाम आलो नाही."

वकीलबाईंनी कागद खाली ठेवले. माझे वकील हळूच म्हणाले, संपलं. न्यायाधीशांनी "का?" असं विचारलं, आणि तू म्हणालास, "बहिणीला जिना चढवत नाही." तेव्हा कोर्टात असं शांत झालं की शिपायाने पंख्याकडे वर पाहिलं. तो बंद पडला असं त्याला वाटलं.

मग मी उभी राहिले, ते तू वळून पाहिलं नाहीस. मी म्हटलं, साहेब, माझी काही हरकत नाही, अपील परत घ्या, मी जिना चढते. न्यायाधीश चिडले नाहीत. म्हणाले, "बाई, तुमची हरकत नाही हे चांगलंच आहे. पण येता न येणं वेगळं आणि न येणं वेगळं. यांना कुणी अडवलं नव्हतं, यांनी ठरवून यायचं टाळलं. मला कितीही वाटलं तरी याला कारण म्हणता येणार नाही." मग सहीला पेन उचललं आणि जरा वेळ नुसतंच धरून ठेवलं. मला वाटतं, त्यांनाही बहीण असावी.

अर्ज फेटाळला. यावरही आणखी वरच्या कोर्टात जाता येतं म्हणे. वकीलबाईंनी तुला सांगितलं तर तू नको म्हणालास, ते मला कळलं. बरोबर केलंस. ते कोर्ट किती मजल्यांवर असेल कुणास ठाऊक.

मी तुला ताप लिही म्हटलं, ही माझी चूक. तू कोण आहेस ते विसरले.

नंतर मी बाकावर बसले होते. मला वाटलं, तू परत येशील. साफसफाईच्या बाईने बादली आणून ठेवली तेव्हा उठले.

ताई


गुरुवार, २४ जुलै

बारक्या,

हे पत्र शेवटपर्यंत वाच. मग चिड.

कोर्ट सांगणार नाही, तर मी सांगते. बाबांनी कागदावर सही केली तेव्हा मी तिथे होते. कोर्टात मला एवढंच विचारलं गेलं, "सही तुमच्यासमोर झाली का?" मी म्हटलं, हो. पुढचं कुणी विचारलं नाही, आणि माझ्या वकिलांनी बजावलं होतं की विचारतील त्याच्या पलीकडे एक शब्द बोलायचा नाही. तू विचारायचं ठरवलं असतंस तर बाकावरही सांगितलं असतं. पण बाबांचं नाव काढायचं नाही हे आपलं ठरलेलं.

तू दुकान सोडून लिफ्टच्या कामाला गेलास, त्या आठवड्यात सही झाली. बाबांच्या नाकावर राग होता. राग ओसरला आणि मग रोज दुपारी पोस्टमन पुढे निघून गेला की मला विचारायचे, "आज काही नाही?" तुझं नाव घ्यायचे नाहीत. कागद बदला असं मी दोनदा म्हटलं. "बघू," म्हणाले, आणि बघायचं राहून गेलं. तुला तोडायचं असतं तर त्या माणसाने तोंडावर सांगितलं असतं, तू ओळखतोस त्यांना. रागात सही केली आणि राग गेल्यावर ती मोडायचा कंटाळा केला. इतकंच आहे. पटलं तर बघ. माझ्या बोलण्याला कोर्टाचा शिक्का नाही, हे मला कळतं.

म्हणूनच दुसरी व्यवस्था केली आहे.

परवा माझ्या वकिलांकडे गेले आणि म्हटलं, मला भावावर दावा लावायचा आहे. त्यांना आधी वाटलं माझ्या डोक्यावर परिणाम झाला. "बाई, तुम्ही जिंकला आहात! आता तुमची तक्रार काय?" मलाही आयत्या वेळी सुचेना. म्हटलं, उद्या सांगते. दुकानात येऊन फळीवरची काच पुसत विचार करत बसले, काय तक्रार आहे माझी? आणि वर पाहिलं तर तुझी सायकल.

तू गेल्यावर बाबांनी ती छताच्या हुकाला टांगली. मी विकू म्हटलं तर अंगावर आले. दर वर्षी खाली काढून साखळीला तेल घालायचे. सही केल्यानंतरही घालायचे. ते गेल्यावर मी घालते. मोठ्या फ्रेमा उभ्या करताना तिचं चाक माझ्या डोक्याला लागतं. खरोखर लागतं. खोटं बोलत नाही, मी तुझीच बहीण आहे.

तर दावा असा आहे. प्रतिवादीची, म्हणजे तुझी, सायकल वादीच्या, म्हणजे माझ्या, दुकानात विनाकारण टांगलेली असून तिचा वादीला त्रास होतो. सबब कोर्टाने हुकूम करावा की प्रतिवादीने जातीने दुकानात येऊन ती उतरवून न्यावी. माझे वकील म्हणाले, "जातीने कशाला? हमालाकडून पाठवून द्या." मी म्हटलं, तो शब्द काढलात तर मी दुसरा वकील बघेन. मग त्यांनी पेन खाली ठेवलं, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "बाई, मला आता कळलं." त्यांनी फी घेतली नाही. काम वाईट करतील की काय अशी मला भीती आहे.

हे खालचं कोर्ट आहे, तळमजल्यावर. जिना नाही. बाहेर बाक आहे, मी बसून पाहिला, जरा डुगडुगतो पण दोघांना पुरेल.

बेलिफ समन्स घेऊन येईल, सही करून घे. त्या बिचाऱ्याशी वाद घालू नकोस. आणि कायदा नीट समजून घे, कारण या वेळी बाजू उलट्या आहेत. आता मी वादी आहे, आणि तारखेला तुम्ही यायचं नाही असं माझ्या वकिलांना बजावून ठेवलं आहे. मी तारखेला आले नाही तर दावा काढून टाकतील, म्हणून मला प्रत्येक तारखेला यावंच लागेल, आणि मी येईन. तुझं तसं नाही. तू आलास तर बाकावर भेटशील. आला नाहीस तर तुझ्या गैरहजेरीत हुकूम होईल, आणि मग कोर्टाच्या हुकमाने तुला दुकानात यावं लागेल. तुझ्या शपथेचं काय करायचं ते कोर्टाला विचार.

म्हणजे तू आलास तरी येशील, आणि नाही आलास तरी येशील.

तुझी ताई
(वादी)